शेतरस्ता, बोळ आणि वहिवाट: शेजाऱ्यांमधील वाटेच्या वादाविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

वाटेच्या भांडणात पुष्कळदा दोन्ही बाजू खरेच बोलत असतात. एक जण म्हणतो, "आमच्या आजोबांपासून गाडी इथूनच जाते," आणि दुसरा म्हणतो, "जमीन माझ्या सातबाऱ्यावर आहे." ही दोन्ही विधाने एकाच वेळी खरी असू शकतात. त्यामुळे खरे कोण बोलतो यापेक्षा कोणता हक्क, कोणापुढे आणि किती मुदतीत मागितला, यावरच निकाल बहुधा ठरतो. पुढील उत्तरे महाराष्ट्रातील जमिनींना लागू आहेत. गोव्यात मामलेदार न्यायालयाचा १९६६ चा कायदा वेगळा असल्याने तेथील वाचकांनी ही उत्तरे जशीच्या तशी लागू करू नयेत.

१. जमीन शेजाऱ्याच्या नावावर असताना तिच्यातून जाण्याचा माझा हक्क असूच कसा शकतो?

मालकी आणि वहिवाट हे दोन वेगळे हक्क आहेत. भारतीय सुविधाधिकार अधिनियम, १८८२ प्रमाणे एका जमिनीच्या उपभोगासाठी दुसऱ्याच्या जमिनीवर मर्यादित हक्क (सुविधाधिकार) असू शकतो, आणि जाण्या-येण्याचा हक्क हे त्याचे सर्वांत परिचित उदाहरण आहे. हा कायदा सुरुवातीला मुंबई इलाख्याला लागू नव्हता. तो १८९१ मध्ये येथे लागू झाला. असा हक्क सिद्ध झाला तरी वाटेखालची जमीन शेजाऱ्याचीच राहते. तिच्यावरील झाडाचे आंबे त्याचेच असतात आणि शेतसाराही तोच भरतो. आपल्याला फक्त जाता-येता येते. उलट बाजूने पाहिले, तर केवळ सातबारा दाखवून शेजाऱ्याला अशी वाट बंद करता येत नाही.

२. माझा हक्क नेमका कोणत्या प्रकारचा आहे, हे कसे ओळखावे?

वकिलाकडे जाण्यापूर्वीच या प्रश्नाचा विचार करावा, कारण येथे चूक झाली तर पुढचे सगळे चुकते. वाट दोघांच्या सामाईक मालकीची असेल, तर प्रश्न वहिवाटीचा नसून सहमालकीचा आहे. स्वतःच्या जमिनीवर कोणाचाही सुविधाधिकार नसतो. वाट गावनकाशावर दाखवलेली असेल, तर ती सार्वजनिक असण्याची शक्यता मोठी असते (प्रश्न ७ पाहावा). खरेदीखतात किंवा वाटणीपत्रात "जाणे-येणेच्या वहिवाटीच्या हक्कासह" अशी शब्दरचना असेल, तर तो लेखाने दिलेला हक्क ठरतो, आणि त्याची व्याप्ती त्या लेखावरून ठरते. जुन्या खतांत जल, तरू, काष्ठ, पाषाण आणि निधिनिक्षेप यांच्या लांबलचक यादीत हे शब्द हरवून जातात. म्हणून खत शेवटच्या ओळीपर्यंत वाचावे आणि चतुःसीमेत "रस्ता" किंवा "बोळ" असा उल्लेख आहे का, तेही तपासावे.

लेख नसेल, तर दोन मार्ग उरतात. पहिला, वीस वर्षांच्या अखंड वापराने मिळणारा हक्क (प्रश्न ३). दुसरा, गरजेपोटीचा हक्क. हा दुसरा हक्क पुष्कळांना वाटतो तितका सैल नाही. पूर्वी एकाच मालकाच्या असलेल्या जमिनीचे विक्रीने, वाटणीने किंवा मृत्युपत्राने तुकडे झाले आणि त्यांपैकी एका तुकड्याला दुसऱ्यातून गेल्याशिवाय वाटच उरली नाही, तरच सुविधाधिकार अधिनियमाच्या कलम १३ खाली तो निर्माण होतो. "तिकडून लांब पडते" ही सोय झाली, गरज नव्हे.

हे सर्व हक्क एकाच दाव्यात कालवू नयेत. खालच्या न्यायालयांत मालकी सांगून आलेल्या वादीला उच्च न्यायालयाने न मागितलेला सुविधाधिकार बहाल केला, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये तो निकाल रद्द केला. सुविधाधिकार स्वतंत्रपणे मांडून सिद्ध करावा लागतो, असे न्यायालयाने स्पष्ट केले.

३. "पिढ्यान्‌पिढ्या वापरतो" एवढे सांगणे पुरेसे नाही का?

नाही. कलम १५ प्रमाणे वापर उघडपणे, शांततेने, हक्क म्हणून आणि खंड न पडता वीस वर्षे झालेला असावा लागतो, आणि ही वीस वर्षे दावा दाखल करण्यापूर्वीच्या दोन वर्षांच्या आत संपलेली असावी लागतात. वाट सरकारी जमिनीतून जात असेल, तर वीसऐवजी तीस वर्षे धरतात. महाराष्ट्रातीलच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये "अनेक वर्षांपासून" हे शब्द वीस वर्षांच्या तोडीचे नाहीत असे म्हणून वाटेचा दावा नाकारला. म्हणून दाव्यात वर्ष लिहावे. अमुक साली विहीर खोदताना यंत्र याच वाटेने आले किंवा अमुक साली घराचे साहित्य येथून नेले, असे सांगणारा वयस्क आणि तटस्थ साक्षीदार दहा प्रतिज्ञापत्रांपेक्षा मोलाचा असतो.

मधल्या काळात शेजाऱ्याने वाट अडवली होती, म्हणून वीस वर्षे तुटली का, हे बहुतेक जण लगेच विचारतात. त्या अडथळ्याची माहिती असूनही आपण तो वर्षभर मुकाट्याने मान्य केला, तरच कायद्याच्या दृष्टीने खंड पडतो. चार दिवस काटे टाकले आणि आपण ते काढायला लावले, याने खंड पडत नाही.

४. शेजाऱ्याने काल वाट अडवली. सर्वांत आधी काय करावे?

सर्वांत आधी स्वतः कुंपण तोडू नये. सुविधाधिकार अधिनियमाच्या कलम ३६ प्रमाणे हक्क असलेल्या व्यक्तीलाही बेकायदा अडथळा स्वतःच्या हाताने दूर करता येत नाही. शिवाय जेसीबी लावून बांध फोडणारा दुसऱ्या दिवशी फिर्यादीऐवजी आरोपी होऊन बसतो.

अडथळ्याची तारीख त्याच दिवशी लिहून ठेवावी आणि तारखेसह छायाचित्रे घ्यावीत. चाकोरी, जुना दगडी गडगा, पाखाडीच्या पायऱ्या, दोन्ही बाजूंच्या झाडांच्या रांगा अशा जुन्या वापराच्या खुणा पुसल्या जाण्याआधी टिपाव्यात. शेजाऱ्याला नोंदणीकृत टपालाने लेखी नोटीस द्यावी. वर सांगितलेली "मूक संमती" नव्हती, याचा तो पुरावा होतो. शेतजमीन असेल, तर त्या तारखेपासून सहा महिन्यांची मुदत धावू लागते. तिचे महत्त्व पुढील उत्तरात सांगितले आहे.

५. तहसीलदारांकडे जावे की दिवाणी न्यायालयात?

शेताच्या वाटेसाठी तहसीलदारांपुढे दोन वेगळे दरवाजे आहेत, आणि लोक नेमका चुकीचा ठोठावतात.

वाट आधीपासून वापरात होती आणि ती आता अडवली, असे असेल, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ चे कलम ५ लागू होते. तहसीलदार हा अडथळा काढून टाकण्याचा आणि पुन्हा अडवू नये असा मनाईचा आदेश देऊ शकतात. मात्र अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत दावा दाखल व्हावा लागतो. येथे "अर्ज" नव्हे, तर सत्यापनासह वादपत्र दाखल करावे लागते. पंचांच्या बैठकी, तंटामुक्ती समितीची तारीख, "कापणी झाल्यावर बघू" अशा आश्वासनांत हे सहा महिने अलगद निघून जातात. बोलणी जरूर करावीत, पण दिनदर्शिकेवर ती तारीख लाल करून ठेवावी.

शेताला वाटच नसेल आणि नव्याने हवी असेल, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चे कलम १४३ लागू होते. येथे सहा महिन्यांची अट नाही. परंतु अडवलेली जुनी वाट मोकळी करून मागण्यासाठी कलम १४३ आणि नव्या वाटेसाठी कलम ५ असा उलटा व्यवहार झाला, की मूळ मुद्द्यावर येण्यापूर्वीच प्रकरण मार खाते. दोन्ही कलमे एकाच कागदावर घालून "जे लागू असेल ते द्यावे" अशी विनंती करण्याची पद्धतही टाळावी.

बिनशेती भूखंड, घर, वाडा किंवा शहरातील बोळ यांचा वाद असेल, तर तो दिवाणी न्यायालयाचा विषय आहे (प्रश्न ९ आणि १६). कलम ५ ची सहा महिन्यांची मुदत हुकली, तरी शेताच्या वाटेचा दिवाणी दावा करता येतो. फक्त तेव्हा रस्ता लांबचा असतो.

६. कलम १४३ चा अर्ज कसा करावा, आणि तहसीलदार काय पाहतात?

अर्जासोबत आपला आणि लगतच्या सर्व गटांचा चालू सातबारा, गावनकाशाची प्रत, मागितलेली वाट दाखवणारा कच्चा नकाशा आणि ज्यांच्या बांधावरून वाट हवी त्या प्रत्येक खातेदाराचे नाव व पत्ता द्यावा. एक जरी खातेदार वगळला, तरी म्हणणे न ऐकता आदेश झाला म्हणून प्रकरण परत येऊ शकते. मयत खातेदाराचे नाव सातबाऱ्यावर तसेच असेल, तर त्याचे वारस शोधून त्यांना सामील करावे. हे कंटाळवाणे काम आहे, पण टाळता येत नाही.

तहसीलदार नोटिसा काढतात, स्थळपाहणी करतात आणि पंचनामा होतो. अर्जदाराला खरोखर दुसरी वाट आहे का, जमिनीचे पूर्वीचे मालक कोठून जात होते आणि कमीत कमी नुकसान करणारा जवळचा मार्ग कोणता, हे तपासले जाते. शेतकऱ्यांना शेतात जाण्यासाठी वाजवी वाटेची गरज असते, हे लक्षात घेण्याचे बंधन त्यांच्यावर कायद्यानेच घातले आहे. मात्र कलमाचे शब्द "सीमांवरून" असे आहेत. म्हणजे वाट बांधावरून, विदर्भ-मराठवाड्याच्या बोलीत धुऱ्यावरून, मिळते. शेजाऱ्याच्या उभ्या पिकाच्या मधून तिरपी वाट या कलमाखाली मागू नये.

७. शेतरस्ता किती रुंद असतो? आणि गावनकाशावरील तुटक रेषांचा अर्थ काय?

गावनकाशावर तुटक दुहेरी रेषेने दाखवलेला गाडीमार्ग साधारणपणे साडेसोळा ते एकवीस फूट, तर तुटक एकेरी रेषेने दाखवलेला पायमार्ग सव्वाआठ फूट रुंद धरला जातो. अशा रस्त्यावर, शिवरस्त्यावर किंवा पाणंदीवर (विदर्भात पांदणीवर) शेजाऱ्याने नांगर घातला असेल, तर तो दोघांमधला खासगी वाद राहत नाही. अतिक्रमण काढण्यासाठी तहसीलदारांकडे आणि ग्रामपंचायतीकडे लेखी मागणी करता येते.

शेतात जाण्याच्या खासगी वाटा बहुधा नकाशावर नसतातच, त्यामुळे "नकाशात नाही, म्हणजे वाट नाही" हा युक्तिवाद टिकत नाही. बांधावरून दिलेल्या वाटेसाठी दोन्ही बाजूंनी चार-चार फूट घेऊन आठ फूट, आणि गाडीसाठी बारा फुटांपर्यंत, अशी जुनी प्रथा आहे. ट्रॅक्टर आणि मळणीयंत्रांच्या काळात ती अपुरी पडू लागली. त्यामुळे मे २०२५ मधील महसूल विभागाच्या शासन निर्णयाने शेतरस्त्याची किमान रुंदी तीन ते चार मीटर ठेवण्याचे आणि त्याची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कांत घेण्याचे धोरण ठरवले. आदेश मिळाल्यावर ही नोंद झाली की नाही, हे स्वतः तपासावे. पुढे जमीन विकली गेली, की नवा मालक सातबाराच वाचतो.

८. सरकारी मोजणी केली, की वाद मिटेल ना?

मोजणी हद्द दाखवते, हक्क दाखवत नाही. भांडण "बांध कोणाचा" असे असेल, तर भूमी अभिलेख कार्यालयाकडून हद्दकायम मोजणी करून नकाशाची "क" प्रत घ्यावी. भांडण "वाट कोणाची" असे असेल, तर मोजणीतून फक्त वाट कोणत्या गटात पडते एवढेच कळेल, आणि कधी कधी ते आपल्याला गैरसोयीचेही निघेल.

९. दिवाणी दाव्यात नेमके काय मागायचे असते?

आपला हक्क जाहीर करून मिळावा, प्रतिवादीने अडथळा करू नये म्हणून कायम मनाई व्हावी आणि आधीच भिंत बांधली असेल, तर ती काढण्याचा आदेशात्मक हुकूम मिळावा, या तीन मागण्या असतात. भिंत उभी असताना फक्त मनाई मागणारा दावा अपुरा ठरतो. दाव्यासोबत तात्पुरत्या मनाईचा अर्ज देतात, आणि पक्षकार त्याला "निशाणी ५" या नावानेच ओळखतात. जागेची स्थिती नोंदवण्यासाठी कोर्ट कमिशनर नेमण्याची विनंती करता येते.

वादपत्रात वाटेची लांबी, रुंदी, दिशा, ती कोठून सुरू होते आणि कोठे संपते, हे नकाशासह लिहावे. "पूर्वेकडील वाट" इतक्या वर्णनावर मिळालेला हुकूमनामा अंमलबजावणीच्या दिवशी निरुपयोगी ठरतो, कारण बेलिफाला काय मोकळे करायचे हेच कळत नाही. उलट, शेजारीच आपल्याविरुद्ध एकतर्फी मनाई आणेल अशी भीती असेल, तर आधी कॅव्हेट (आपले म्हणणे ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये, अशी न्यायालयाला आगाऊ विनंती) दाखल करावे. ते नव्वद दिवस लागू राहते.

१०. तहसीलदारांचा निकाल विरुद्ध गेला. आता?

निकाल कोणत्या कलमाखाली झाला, ते आधी पाहावे. कलम १४३ खालील निर्णय रद्द करून किंवा बदलून मिळण्यासाठी निर्णयाच्या तारखेपासून एका वर्षात दिवाणी दावा करता येतो. असा दावा दाखल झाला, की त्या निर्णयावर महसुली अपील किंवा फेरतपासणी चालत नाही. म्हणून दोन्हीकडे एकदम पळू नये. मामलेदार न्यायालय अधिनियमाखालील निर्णयावर अपील नाही. जिल्हाधिकाऱ्यांकडे किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याकडे फेरतपासणी मागता येते. हा निर्णय मालकी ठरवत नाही, त्यामुळे तो दिवाणी न्यायालयाच्या निकालाच्या अधीन असतो.

११. पोलीस "ही दिवाणी बाब आहे" म्हणून परत पाठवतात. ते बरोबर आहे का?

बहुतांशी बरोबर आहे. एखाद्याला जाण्यापासून अडवणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १२६ खाली गैरनिरोधाचा गुन्हा आहे खरा, परंतु खासगी वाट अडवण्याचा आपल्याला कायदेशीर अधिकार आहे असे अडवणारा सद्‌भावनेने मानत असेल, तर तो गुन्हा होत नाही, असा अपवाद त्याच कलमात आहे. वाटेच्या बहुतेक वादांत शेजारी नेमके हेच म्हणतो.

मारामारी किंवा धमकी झाली, तर तक्रार वेगळी आणि ती अवश्य द्यावी. शांतताभंगाची शक्यता असेल, तर जमिनीच्या वापराच्या हक्काविषयीच्या वादात कार्यकारी दंडाधिकारी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६६ खाली चौकशी करून आदेश देऊ शकतात. त्यासाठी वाटेचा वापर लगतच्या काळात चालू असल्याचे दाखवावे लागते.

१२. आपसात तडजोड झाली, तर शंभराच्या स्टॅम्पवर लिहून नोटरी केलेले चालेल का?

भावना म्हणून चालेल, हक्क म्हणून नाही. शंभर रुपये किंवा अधिक मूल्याच्या स्थावर मिळकतीत हक्क निर्माण करणारा लेख नोंदणी अधिनियम, १९०८ प्रमाणे नोंदवावा लागतो. तो नसेल, तर शेजाऱ्याच्या मुलाने किंवा जमीन घेणाऱ्याने तो कागद मानण्याची खात्री नाही. दुय्यम निबंधकाकडे नोंदवलेला, सोबत नकाशा जोडलेला आणि रुंदी, वाहनांचा प्रकार व दुरुस्तीचा खर्च स्पष्ट करणारा लेख करावा.

दुसरा चांगला मार्ग लोकअदालतीचा. दावा दाखल होण्यापूर्वीही तालुका विधी सेवा समितीकडे प्रकरण देता येते. तेथील निवाड्याला दिवाणी हुकूमनाम्याचे बळ असते, त्यावर अपील नसते आणि चालू दाव्यात तडजोड झाली, तर न्यायालय शुल्क परत मिळते. २००७ मध्ये सुरू झालेल्या महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहिमेतील समित्यांनी वाटेचे असंख्य वाद ओसरीवर बसून सोडवले आहेत. परंतु समितीच्या वहीतील नोंद म्हणजे हुकूमनामा नव्हे. ती पुढे नोंदणीकृत लेखात किंवा लोकअदालतीच्या निवाड्यात उतरवून घ्यावी.

१३. आमची पायवाट आहे. तिच्यावरून ट्रॅक्टर नेता येईल का? पाइपलाइन टाकता येईल का?

सुविधाधिकार अधिनियमाच्या कलम २८ प्रमाणे एका प्रकारच्या वाटेच्या हक्कात दुसऱ्या प्रकारचा हक्क येत नाही. पायी जाण्याच्या हक्कातून ट्रॅक्टरचा हक्क आपोआप निघत नाही. पाइपलाइन, वीजवाहिनी किंवा गटार यांचा हक्क तर पूर्णपणे वेगळा आहे आणि तो वेगळाच मिळवावा लागतो. वाटेवर गाडी उभी करून ठेवणेही जाण्या-येण्याच्या हक्कात बसत नाही. बैलगाडीच्या जागी ट्रॅक्टर आला, तर काय, यावर मात्र खरा वाद होऊ शकतो. तेथे मूळ वाट वाहनाची होती हे दाखवता आले, तर बाजू बळकट होते. शेतजमिनीसाठी गाडीरस्ता हवाच असेल, तर जुन्या पायवाटेवर भांडण्यापेक्षा कलम १४३ चा अर्ज करणे शहाणपणाचे आहे.

१४. आता दुसरीकडून डांबरी रस्ता झाला आहे. जुनी वाट बंद करता येईल का? निदान हलवता तरी येईल का?

हे हक्काच्या प्रकारावर अवलंबून आहे, म्हणून प्रश्न २ चे उत्तर आधी वाचावे. गरजेपोटी मिळालेला हक्क गरज संपली, की सुविधाधिकार अधिनियमाच्या कलम ४१ प्रमाणे संपतो. खरेदीखताने दिलेला हक्क मात्र दुसरा रस्ता झाला म्हणून संपत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये हा फरक स्पष्ट केला आहे. वीस वर्षांच्या वहिवाटीने मिळालेला हक्क नवा रस्ता झाला म्हणून लगेच जात नाही, पण ती वाट सलग वीस वर्षे वापरलीच नाही, तर जातो. नव्या डांबरी रस्त्याच्या मोहात जुनी वाट सोडून देणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावे.

ठरलेली वाट शेजाऱ्याने मर्जीने दुसरीकडे वळवू नये. मात्र वाट अस्पष्टपणे सगळ्या रानातून जात असेल आणि आपले नुकसान होत नसेल, तर ती एका निश्चित पट्ट्यापुरती ठेवावी, अशी मागणी तो कलम २२ खाली करू शकतो, आणि ती मानावी लागते. गुरांसाठी फाटक लावणे हा दरवेळी अडथळा ठरत नाही. त्याला कुलूप लावून किल्ली न देणे हा ठरतो. वाटेची डागडुजी हक्क असणाऱ्याने स्वतःच्या खर्चाने करायची असते.

१५. शेजाऱ्याने तोंडी परवानगी दिली होती; आता तो ती मागे घेतो आहे. काय करता येईल?

परवानगीने केलेला वापर हा "हक्क म्हणून" केलेला वापर नसतो, त्यामुळे तो चाळीस वर्षे चालला तरी वीस वर्षांच्या हिशेबात धरला जात नाही. "काका, जरा तुमच्या रानातून जाऊ का?" असे दरवर्षी विचारणारा माणूस शेजारधर्म पाळतो, पण न्यायालयात त्याचीच बाजू लंगडी पडते. कायद्याचा हा भाग आम्हाला कधीच आवडलेला नाही. एकच अपवाद उपयोगी पडू शकतो: त्या परवानगीवर विसंबून आपण खर्च करून मोरी, फरशी किंवा तशा कायम स्वरूपाचे काम केले असेल, तर सुविधाधिकार अधिनियमाच्या कलम ६० प्रमाणे परवानगी मागे घेता येत नाही. खर्चाच्या पावत्या शोधाव्यात.

१६. वडिलोपार्जित घराची वाटणी झाली आणि मधला बोळ भावाच्या हिश्श्यात गेला. तो आता तेथे जिना बांधतो आहे.

वाटणीपत्रात बोळ "सामाईक" लिहिला असेल, तर भाऊ एकटा त्यावर बांधकाम करू शकत नाही. दावा सहमालक म्हणून करावा, वहिवाटीचा नव्हे. बोळ त्याच्या हिश्श्यात असेल आणि आपल्याला जाण्या-येण्याचा हक्क लिहून दिला असेल, तर लेखाचा आधार घ्यावा. काहीच लिहिलेले नसेल आणि आपल्या हिश्श्याला दुसरे दारच उरत नसेल, तर वाटणीमुळे निर्माण झालेला गरजेपोटीचा हक्क सांगता येतो. सुविधाधिकार अधिनियमाच्या कलम १४ प्रमाणे अशी वाट कोठून द्यायची हे भावाने ठरवायचे, पण ती आपल्याला वाजवी सोयीची असली पाहिजे. त्याने ठरवण्यास नकार दिला किंवा टाळाटाळ केली, तर आपण ती आखू शकतो.

बांधकाम सुरू असेल, तर नगरपालिकेत मंजूर नकाशाची प्रत मागावी आणि मिळकतपत्रिका व सिटी सर्व्हेचा नकाशा काढावा, कारण मंजुरीसाठी दिलेल्या नकाशात तोच बोळ मोकळा दाखवलेला असणे शक्य आहे. नगरपालिकेची तक्रार आणि दिवाणी दावा ही दोन्ही कामे एकाच आठवड्यात करावीत. जिन्याचा स्लॅब पडल्यानंतर तात्पुरती मनाई मिळवणे फार अवघड होते.